गामेलानचं पार्श्वसंगीत: सूर मोजण्यापासून गोंग फ्रेमवर बसवण्यापर्यंत

इंडोनेशियातल्या चित्रपट संगीतकाराला निर्मात्याकडून हमखास येणारी मागणी म्हणजे थोडंसं गामेलान (कांस्याच्या पट्ट्या, गोंग आणि ढोल यांचा वाद्यसंच) घालण्याची. हे 'थोडंसं' घालणंच सगळ्यात अवघड. गामेलानच्या कांस्याच्या पट्ट्या एकदा कानशीने सुरात आणल्या की, संच अगदी नवा नसेल तर, वर्षानुवर्षं त्याच सुरात राहतात. हा सूर पियानोच्या सुराशी जुळत नाही आणि शेजारच्या गावातल्या दुसऱ्या गामेलानशीही जुळत नाही. म्हणून कामाचा क्रम ठरलेला ठेवा: आधी वाद्यसंच, मग त्याचे सूर, मग चाल आणि सगळ्यात शेवटी व्हायोलिन, सिंथ वगैरे. आधी संगणकावर चाल बांधून नंतर खरं गामेलान बोलावलं, तर स्टुडिओत निम्मी चाल फेकून द्यावी लागते.

गामेलान हवंच का?

इंडोनेशिया म्हणजे गामेलान हे समीकरण पर्यटनाच्या जाहिरातींनी रूढ केलं. गामेलान मुख्यतः जावा आणि बालीचं. गोष्ट पश्चिम सुमात्रातल्या मिनांगकाबाउ गावात घडत असेल, तर तालेंपोंग (लहान गोंगांची ओळ) आणि सालुआंग (बांबूचा पावा) हवा. तोबा सरोवराकाठच्या बाताक कुटुंबाची गोष्ट असेल, तर तागानिंग, म्हणजे सुरात लावलेल्या ढोलांचा संच. जावाच्याच पश्चिमेला सुंदा भागात गेलात की देगुंग (तिथलं छोटं गामेलान) किंवा काचापी-सुलिंग (छेडायचं तंतुवाद्य आणि बांबूची बासरी). तिथल्या प्रेक्षकाला हा फरक चटकन कळतो. मध्य जावाचं गामेलान सुमात्राच्या डोंगरावर वाजलं, तर त्याला ते हास्यास्पद वाटतं. जाकार्तातल्या आजच्या शहरी गोष्टीला बहुतेकदा यातलं काहीच लागत नाही. इद्रिस सार्दी (१९३८–२०१४) हे तिथल्या चित्रपटसंगीतातलं मोठं नाव, आणि ते होते व्हायोलिनवादक.

गोष्ट खरोखर मध्य जावाची असेल, तर आधी संगीतकार राहायु सुपांगाह (१९४९–२०२०) यांचं काम ऐका. दिग्दर्शक गारिन नुग्रोहो यांच्या 'ओपेरा जावा' (२००६) या सीताहरणावर बेतलेल्या संगीतपटात गामेलान वातावरणनिर्मितीपुरतं येत नाही, दृश्यंच त्याच्यावर उभी आहेत. पुढे २०१६ साली दोघांनी 'सेतान जावा' हा कृष्णधवल मूकपट केला, ज्याला पडद्यासमोर बसून प्रत्यक्ष गामेलान वाजवलं जातं. गामेलान प्रसंगाच्या लयीशी कसं बांधता येतं, ते या दोन कामांत स्पष्ट ऐकू येतं.

संच आणि त्याचे सूर

मध्य जावाच्या पूर्ण संचात दोन स्वरव्यवस्था असतात आणि प्रत्येकीची वाद्यं वेगळी. स्लेंद्रोमध्ये पाच स्वर, आकड्यांनी १, २, ३, ५, ६ (४ नसतो). पेलोगमध्ये सात, १ ते ७. दोन्ही वाद्यं काटकोनात मांडतात, वादक नुसता वळून बसतो. दोन्हींत एखादा स्वर समान असतो, बहुधा ६ किंवा ५. त्याला तुंबुक म्हणतात. एका प्रसंगातून दुसऱ्यात जाताना स्लेंद्रोतून पेलोगमध्ये उतरायचं असेल, तर पूल याच स्वराचा. तो कोणता, हे वादकांना पहिल्याच भेटीत विचारा.

आकड्यांची लिपी वाचायला मराठी संगीतकाराला अर्धा तास पुरतो. वरच्या सप्तकाला वर बिंदू, खालच्याला खाली, अगदी भातखंडे पद्धतीसारखं. फक्त १ म्हणजे सा असं मनात बसवू नका. इथे आकडा पट्टीचं नाव सांगतो, षड्ज कुठला ते सांगत नाही.

आता मोजमाप. स्लेंथेम (खालच्या सप्तकातल्या पातळ पट्ट्यांचं वाद्य) आणि देमुंग (त्याच्या वरच्या सप्तकातलं जाड पट्ट्यांचं वाद्य) ही दोन वाद्यं घ्या. प्रत्येक पट्टीवर मध्यम जोराने तीन टोल द्या आणि प्रत्येक टोल पूर्ण विरू द्या. विश्लेषण करताना टोलाचे पहिले ०.३ सेकंद सोडा. त्यात हातोडीचा ठोका आणि धातूचे बेसूर उपस्वर असतात, ट्यूनर ॲप तिथेच फसतं. पुढचे पूर्ण २ सेकंद घ्या, म्हणजे वारंवारता ०.५ हर्ट्झपर्यंत नेमकी मिळते. देमुंगच्या ४७० हर्ट्झच्या पट्टीवर ही चूक जेमतेम २ सेंटची (सेंट म्हणजे सप्तकाचा १२०० वा भाग), स्लेंथेमच्या २३५ हर्ट्झच्या पट्टीवर ४ सेंटच्या आत. एवढं पुरतं.

मग अंतरं काढा: १२०० गुणिले दोन वारंवारतांच्या गुणोत्तराचा २ या पायाचा लॉगॅरिदम. स्लेंद्रोत शेजारच्या दोन स्वरांत ढोबळमानाने २४० सेंट येतात, पण प्रत्येक संचात थोडे कमी-जास्त. पियानोवर लगतच्या स्वरांत १००, म्हणून एकही अंतर जुळत नाही. पेलोगमध्ये अंतरं उघडच असमान असतात, काही शंभरच्या जवळ तर काही अडीचशेच्या पुढे. वरचं सप्तकही तपासा. पुष्कळ संचांत ते १२०० पेक्षा थोडं लांब असतं. एका सप्तकाचं कोष्टक दुसऱ्याला तसंच चिकटवलं की पेकिंग, म्हणजे सर्वांत वरच्या सप्तकातलं सारोन (जाड पट्ट्यांचं वाद्य), बेसूर वाटतं, आणि दोष वादकाच्या माथी मारला जातो.

व्हायोलिन आणि सिंथ कसे जुळवायचे

समजा संचाचा ६ हा स्वर ४७० हर्ट्झ निघाला. नेहमीचा ए-शार्प ४६६.२ चा, म्हणजे संच १४ सेंट वर आहे. तंतुवाद्यांना ए ४४० ऐवजी ४४३.६ वर लावायला सांगा. ६ जुळला. बाकीचे अर्थातच जुळणार नाहीत. २४० सेंटांचं समान अंतर धरलं तर चित्र असं दिसेल (शेवटचा आकडा पिच बेंडचा, म्हणजे सिंथचा सूर वर-खाली सरकवणाऱ्या आज्ञेचा, बेंडची कक्षा ±२ सेमीटोन ठेवल्यास):

६ – ए-शार्प, ० सेंट, ०
५ – जी-शार्प, −४० सेंट, −१६३८
३ – एफ, +२० सेंट, +८१९
२ – डी-शार्प, −२० सेंट, −८१९
१ – सी, +४० सेंट, +१६३८

हा कागदी नमुना. तुमच्या संचाचे मोजलेले आकडे यात घाला. प्रत्येक सेंटला ४०.९६ ने गुणलं की बेंडचा आकडा मिळतो. बेंड संपूर्ण चॅनलला लागतो, म्हणून पाच स्वरांना पाच चॅनल द्या. सिंथ स्काला फाइल (स्वरांची अंतरं लिहिलेली फाइल) घेत असेल तर हा खटाटोप वाचतो.

खऱ्या व्हायोलिनवादकांना मात्र असे आकडे देऊ नका. त्यांच्या कानात गामेलानची ध्वनिफीत द्या आणि स्वर कमी ठेवा. २० सेंटपर्यंतचा फरक गजाच्या लांब, कंपविरहित ओढीत खपून जातो. ४० सेंटचा खपत नाही, तो चुकलेला सूरच वाटतो. म्हणून वरच्या उदाहरणात तंतुवाद्यांना ६, ३ आणि २ एवढेच द्यायचे, ५ आणि १ कांस्याला सोडायचे. पियानो आणि गिटार गामेलानबरोबर एकाच वेळी वाजवू नयेत. एक थांबल्यावर दुसरं आलं तर कान दोन्ही स्वीकारतो. पिच-करेक्शन वापरून गामेलान पाश्चात्त्य पट्टीवर ओढायचा मोह होईल. तसं केलं की धातूचे उपस्वर मूळ स्वरापासून तुटतात आणि जे उरतं ते स्वस्त कीबोर्डसारखं वाजतं.

गोंग शेवटी पडतो

आपल्याकडे सम आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर. जावात वजन शेवटच्या मात्रेवर असतं. चार मात्रांचा गट म्हणजे गात्रा, त्यातली चौथी मात्रा सगळ्यात भारी. केतावांग या रचनेत १६ मात्रांचं आवर्तन, लाद्रांगमध्ये ३२, आणि मोठा गोंग त्या सोळाव्या किंवा बत्तिसाव्या मात्रेवर. वाक्य गोंगवर पोचतं आणि तिथे संपतं.

संगणकावर याने घोटाळा होतो. क्लिक ट्रॅक (वादकाच्या कानातली लयीची टिकटिक) पहिल्या मात्रेला जोर देतो, वादक चौथीला, आणि एडिटर 'बार'च्या रेषेवर कापून गोंग पुढच्या दृश्यात ढकलतो. उपाय सोपा आहे. गोंगची मात्रा बारच्या पहिल्या खान्यात ठेवा, म्हणजे गात्राच्या १-२-३-४ मात्रा बारच्या २-३-४-१ वर पडतील. वादकांच्या कागदावर मात्र त्यांचीच पद्धत ठेवा. आणि एडिटरला एका ओळीत लिहून द्या: गोंगच्या नंतर कापायचं, आधी नाही.

रचनेची सुरुवात बुकाने होते. बुका म्हणजे एकाच वाद्याने वाजवलेली छोटी प्रस्तावना, आणि तिच्या शेवटी पहिला गोंग. चित्रपटाला ही सोय आयतीच मिळते. मावळत्या दृश्याखाली एकट्या बोनांगने (आडव्या ठेवलेल्या लहान गोंगांच्या ओळीने) किंवा रेबाबने (गजाने वाजवायच्या तंतुवाद्याने) बुका सुरू करायचा आणि पहिला गोंग नेमका कटवर टाकायचा.

हिशेब २४ फ्रेमवर करा. १४४० ला लयीने भागलं की एका मात्रेच्या फ्रेम मिळतात: ६० च्या लयीला २४, ७२ ला २०, ८० ला १८, ९० ला १६, ९६ ला १५. समजा प्रसंग ७२ सेकंदांचा आहे. लय ६०, बुका ८ मात्रांचा, त्यावर लाद्रांगची दोन आवर्तनं. गोंग ८ व्या, ४० व्या आणि ७२ व्या सेकंदाला. प्रसंगातली तीन महत्त्वाची वळणं या जागांच्या आसपास असतील तर काम झालं. नसतील तर लय ताणण्याआधी रचना बदला. एडिटरने प्रसंग ६९ सेकंदांवर आणला तर लय ६२.६ करा, कुणाला कळणार नाही. ६० सेकंदांवर आणला तर लाद्रांग ७२ च्या लयीत पळवण्यापेक्षा केतावांगची तीन आवर्तनं आणि ८ मात्रांचा बुका घ्या: ५६ मात्रा, लय ५६, बरोबर ६० सेकंद.

लयीचं दुसरं हत्यार म्हणजे इरामा. मूळ चालीची (बालुंगान) लय हळूहळू निम्मी होते, तेव्हा पेकिंग आपले टोल दुप्पट करतो. इरामा तांगुंगमध्ये चालीच्या एका मात्रेत पेकिंगचे २ टोल, दादीमध्ये ४, विलेदमध्ये ८. चाल ६० वरून ३० वर उतरली तरी पेकिंग मिनिटाला १२० टोलच वाजवत राहतो. पृष्ठभाग तसाच राहतो आणि आतला काळ मात्र रुंदावतो. मृत्यूची बातमी कळल्यानंतरचा क्षण, निर्णयापूर्वीचा थांबा, अशा जागी संगीत न बदलता अर्थ बदलतो. या संक्रमणाला चार-आठ मात्रा लागतात आणि ते केंदांगवादक (लय धरणारा ढोलवादक) घडवतो. त्याला पडदा दिसेल असं बसवा.

क्लिकही फक्त त्यालाच द्या, तोही एका कानात. बाकी सगळे केंदांग ऐकून वाजवतात. शेवटच्या गोंगआधी लय ओघळते, ती स्थिर क्लिकवर येत नाही. आधी चित्र पाहत एकट्या केंदांगचा मार्गदर्शक ट्रॅक घ्या, त्यावरून लयीचा नकाशा काढा आणि मग पूर्ण संच घ्या. केनोंग (आडवा ठेवलेला मोठा गोंग) आणि गोंग मात्रेच्या किंचित मागे पडतात, ती शैली आहे. ग्रिडवर ओढून सरळ केलं की सगळं यंत्रासारखं ठणठणीत वाजतं.

पळापळ, मारामारी, तणाव

यासाठी नवं काही शोधायला नको. वायांग कुलितच्या, म्हणजे चामड्याच्या छायाबाहुल्यांच्या रात्रभर चालणाऱ्या रामायण-महाभारताच्या खेळांत ही व्यवस्था तयार आहे. आयाक-आयाकान शांत हालचालीला, स्रेपेगान घाईला, सांपाक लढाईला. प्रत्येक पायरीला केनोंग आणि केम्पुलची (टांगलेल्या लहान गोंगांची) गर्दी साधारण दुप्पट होते. स्रेपेगानमध्ये केनोंग प्रत्येक मात्रेला आणि केम्पुल एकाआड एक. सांपाकमध्ये श्वास घ्यायला जागा नाही. संगीतकाराच्या दृष्टीने मोठा फायदा असा की खुणेसरशी या रचना लगेच थांबवता येतात किंवा एकीतून दुसरीत जाता येतं. कट रोज बदलत असताना यापेक्षा सोयीचं काही नाही. प्रत्येक प्रकार दीड-दोन मिनिटं सलग मुद्रित करून ठेवा आणि थांबण्याच्या जागा (सुवुक) तीन-चार वेगवेगळ्या घ्या.

रात्रीच्या खेळात पाथेतही बदलतं. पाथेत म्हणजे कोणत्या स्वरांवर वाक्य विसावेल याची शिस्त. सुरुवातीला नेम, मध्यरात्रीच्या पुढे सांगा, पहाटेकडे मान्युरा. सांगामधल्या पुष्कळ चाली एक पट्टी वर सरकवल्या की मान्युरात बसतात. नायिकेची चाल पूर्वार्धात सांगात आणि शेवटच्या भागात मान्युरात ठेवली, तर सूर सुमारे २४० सेंट चढतो. जावाच्या प्रेक्षकाला पहाट होत असल्याची जाणीवही होते, न सांगता. सॅम्पल वापरून चाल नुसती 'ट्रान्सपोज' केली तर मात्र हे होत नाही, कारण सगळ्या पट्ट्यांमधली अंतरं सारखी नसतात. चाल पट्ट्यांवर सरकवायची, वारंवारतेवर नाही.

भयपटांत एकट्या सिंदेनचा (गायिकेचा) संथ जावानीज आलाप हा घासून गुळगुळीत झालेला प्रकार आहे. वापरायचाच असेल तर शब्द जावानीज जाणणाऱ्याकडून तपासून घ्या. लग्नातलं किंवा अंगाईचं पद भुताच्या तोंडी गेलं तर योग्याकार्तातल्या चित्रपटगृहात भलताच हशा पिकतो.

ध्वनिमुद्रण

पूर्ण संच, गायक धरून, २० ते २५ माणसं. पैसे किंवा जागा कमी असेल तर गादोन हा छोटा ताफा घ्या: रेबाब, गेंदेर (नळ्यांवर ताणलेल्या पातळ पट्ट्यांचं वाद्य), स्लेंथेम, केंदांग, गोंग आणि हवं तर गांबांग (लाकडी पट्ट्यांचं वाद्य), सितेर (छेडायचं तंतुवाद्य), सुलिंग. सात-आठ जणांत भागतं, आणि संवादांखाली हाच ताफा पूर्ण संचापेक्षा चांगला बसतो.

सोलो किंवा योग्याकार्ता या जावातल्या शहरांत मुद्रण बहुधा पेंदोपोत होतं. पेंदोपो म्हणजे भिंती नसलेला, छपराखालचा मंडप. गुंज सुंदर, पण बाहेरचं सगळं आत. जावा विषुववृत्ताजवळ असल्याने अजानच्या वेळा वर्षभर फारशा हलत नाहीत: संध्याकाळची शेवटची सातच्या सुमारास, पहाटेची चार-साडेचारच्या सुमारास. म्हणून रात्री नऊ ते साडेतीन ही कामाची वेळ. रमजानमध्ये ही खिडकीही बंद, कारण रात्री लांब नमाज आणि पहाटेपूर्वी लोकांना उठवायच्या हाका. नोव्हेंबर ते मार्च पाऊस असतो, आणि कौलांवरचा पाऊस कुठल्याही फिल्टरने निघत नाही. मुंबईत बसून दूरस्थ देखरेख करणार असाल तर जावा आपल्यापेक्षा दीड तास पुढे, बाली अडीच.

वाद्यांवरून पाय टाकून जायचं नाही, चपला बाहेर. गोंगसमोर फुलं-धूप ठेवलेली असली तर माइकसाठी ती हलवू नका, स्टँड हलवा. काही जुन्या संचांना 'क्याई' हे मानाचं उपपद असतं. तसले संच मालकाच्या परवानगीशिवाय जागचे हलत नाहीत, आणि चित्रपटासाठी कुठल्याही संचाचा सूर बदलून मागायचा नाही.

माइकची मांडणी अशी. वर दोन-अडीच मीटरवर स्टीरिओ जोडी, हाच मूळ आवाज. गेंदेर, गांबांग, सितेर यांना वरून ३० सेंटिमीटरवर वेगळे माइक, कारण ती हळू बोलतात आणि सारोनखाली गडप होतात. रेबाबला ३०–४० सेंटिमीटर. बोनांग आणि केनोंगला वरून ६०–८०, जवळ गेलात तर नुसता काठीचा ठोका येतो. गोंग आगेंगचा (सर्वांत मोठ्या गोंगचा) मूळ सूर बहुधा ४० ते ६० हर्ट्झमध्ये असतो. माइकचा लो-कट (खालचे सूर कापणारा फिल्टर) बंद ठेवा, उंचवट्याच्या अगदी समोर न ठेवता थोडा तिरका, ४०–५० सेंटिमीटरवर. थंड गोंगवर पहिलाच टोल जोरात दिला तर सूर नीट उमलत नाही, आधी दोन-तीन हलके टोल द्या. प्रत्येक टोलानंतर पूर्ण विरेपर्यंत, वीस-तीस सेकंद, कुणी हलू नये.

४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. टोल नंतर खालच्या सुरात उतरवायचे असतील तर ९६. सर्वांत जोरदार टोल −१२ डेसिबलवर येईल इतकाच गेन ठेवा. सांपाकमध्ये वादक तालमीपेक्षा नेहमीच जोरात वाजवतात.

सॅम्पल गोळा करायचे तर सात पट्ट्यांच्या सारोनला तीन जोर आणि प्रत्येकी चार टोल धरा: ८४ टोल, आठ-आठ सेकंदांचे, म्हणजे सव्वाअकरा मिनिटं. तेवढेच पुन्हा दाबलेले टोल घ्या. सारोनवादक पुढची पट्टी वाजवताना डाव्या हाताने आधीची दाबत असतो. हे दाबलेले टोल घेतले नाहीत, तर सॅम्पलमधली चाल घणघणत राहते आणि चिखल होतो. सॅम्पलमधलं सारोन खोटं वाटण्यामागचं मुख्य कारण हेच.

बालीचं वेगळं गणित

बालीच्या गोंग केब्यार या गामेलान प्रकारात वाद्यं जोडीने असतात. एक किंचित खाली लावलेलं (पेंगुंबांग), दुसरं किंचित वर (पेंगीसेप). फरक काही हर्ट्झचा, आणि दोन्ही एकत्र वाजली की सूर थरथरतो. ही लाट म्हणजे ओंबाक, बालीच्या आवाजाचा जीव. जोडीतल्या एकाच वाद्याला माइक लावला तर ती जाते. सुरात आणणारं सॉफ्टवेअर लावलं तरी जाते. सूर दोन सेमीटोन वर नेला तर सेकंदाला ७ थरथरी असतील त्या ७.९ होतात, आणि दोन तुकडे शेजारी ठेवले की फरक कळतो. चालही दोघांत वाटलेली असते. पोलोस आणि सांगसिह हे दोन भाग एकमेकांच्या रिकाम्या जागा भरतात, त्यालाच कोतेकान म्हणतात. त्यांना एकापाठोपाठ वेगळं मुद्रित करायला बसवू नका. एकट्याने वाजवलेला सांगसिह लय धरत नाही. बालीचं आणि मध्य जावाचं गामेलान एकाच प्रसंगात मिसळण्याचं धाडस फार थोड्यांना साधलं आहे.

संवाद आणि मिक्सिंग

सारोनचे मूळ सूर ढोबळमानाने ५०० ते १००० हर्ट्झ, पेकिंगचे त्याच्या दुप्पट, आणि दोन्हींचे उपस्वर व्यंजनांच्या पट्ट्यात. संवाद सुरू झाला की पेकिंग, सारोन आणि वरचं बोनांग थांबवा, नुसता आवाज कमी करू नका. हळू वाजणारा टोलही शब्दाचं टोक खातो. स्लेंथेम, गेंदेर, गांबांग चालतील. रेबाब बाईच्या आवाजाच्या उंचीवरच गातो, म्हणून नायिकेच्या संवादाखाली तो टाळा.

गोंगचा स्टेम (मिक्सरला द्यायचा स्वतंत्र ध्वनिपट्टा) नेहमी वेगळा द्या. चित्रपटगृहात तो छाती हलवतो, मोबाइलवर मूळ सूर ऐकूच येत नाही. मोबाइलसाठी दुसरा उपस्वर, ८० ते १२० हर्ट्झच्या वरचा भाग, थोडा उचलावा लागतो, आणि तोच उठाव चित्रपटगृहात बोदा वाटतो. बाकी स्टेम: कांस्य, मऊ वाद्यं, केंदांग, गायन, तंतुवाद्यं. प्रत्येक रीलच्या पहिल्या फ्रेमच्या दोन सेकंद आधी, म्हणजे ४८ फ्रेम, एका फ्रेमचा १ किलोहर्ट्झचा बीप. गोंगची शेपटी कटनंतर किमान १५ सेकंद सोडा. ती कापायची की नाही हे मिक्सर ठरवेल.

हक्क, श्रेय, पैसे

पारंपरिक आणि अनामिक रचनांवरचा हक्क इंडोनेशियाच्या २०१४ च्या कॉपीराइट कायद्याने (क्रमांक २८) राज्याकडे ठेवला आहे. पण 'सगळं पारंपरिकच आहे' हा वादकांचा शब्द पुरावा मानू नका. कि नार्तोसाब्दो (१९२५–१९८५) यांच्या रचना गावोगावी इतक्या रुळल्या आहेत की त्या जुन्याच वाटतात. संरक्षण मृत्यूनंतर ७० वर्षं, म्हणजे त्यांच्या बाबतीत २०५५ अखेरपर्यंत. प्रत्येक रचनेचं नाव आणि कर्ता मुद्रणाच्या दिवशीच लिहून घ्या. नंतर विचारलं तर चार जण चार नावं सांगतात.

त्याच कायद्यात संगीतकाराच्या फायद्याचं एक कलम आहे: गाणं किंवा संगीत एकरकमी, कायमचं विकलं असलं तरी २५ वर्षांनी हक्क कर्त्याकडे परत येतो. करारात 'कायमस्वरूपी' लिहिलं म्हणून हताश होऊ नका, पण चित्रपटगृह, दूरचित्रवाणी, स्ट्रीमिंग, ट्रेलर आणि अल्बम ही पाच माध्यमं वेगवेगळी लिहून घ्या. ट्रेलर विसरला जातो, आणि सांपाकचा सर्वांत चांगला तुकडा तिथेच फुकट वाजतो.

वादकांशी करार वेगळा: एका सत्राचे तास, जेवण, प्रवास, श्रेयनामावलीत प्रत्येकाचं नाव, आणि मुद्रित टोल सॅम्पल म्हणून दुसऱ्या चित्रपटात वापरायची परवानगी आहे की नाही. शेवटचा मुद्दा संचाच्या मालकालाही विचारावा लागतो. सूर मोजलेला कागद, माइकच्या अंतरांचा नकाशा आणि केंदांगचा मार्गदर्शक ट्रॅक प्रकल्पाच्या फाइलसोबतच ठेवा. नव्या संचाचं कांस्य पहिली काही वर्षं सरकत राहतं आणि संच पुन्हा सुरात लावला जातो. सहा महिन्यांनी दोन मिनिटांचा प्रसंग नव्याने मुद्रित करायला गेलात, तर पहिला टोल देण्याआधी सगळ्या पट्ट्या पुन्हा मोजा.